‘जास्त’ दिसलं की बेरीज?

गेल्या रविवारी बडोद्याच्या दांडिया बाजारातून वहिनीचा व्हिडिओ कॉल आला. भाचा इंग्रजी शाळेत दुसरीत आहे. लाल फुली पडलेलं उदाहरण तिने मराठीत करून सांगितलं: राधाकडे १२ पेढे आहेत. मोहनपेक्षा तिच्याकडे ५ जास्त आहेत. मोहनकडे किती? पोराने उत्तर लिहिलं होतं १७.

मागून दादाचा आवाज आला, "तरी म्हणत होतो, मराठी शाळेत घालू." मग नेहमीचा वाद सुरू झाला. सयाजीरावांनी १९०६ मध्ये संस्थानभर प्राथमिक शिक्षण सक्तीचं केलं, तेव्हा मुलं कुठल्या भाषेत शिकली? २०२० च्या शैक्षणिक धोरणातही शक्य तिथे निदान पाचवीपर्यंत मातृभाषा असावी असं आहेच. दादाचं म्हणणं मला पटतं. पण वहिनीने मराठीत विचारलं तेव्हाही पोरगा सतराच म्हणाला होता.

इथे श्टुटगार्टला माझ्या मुलीनेही जर्मनमध्ये हीच चूक केली होती. म्हणजे घोटाळा फक्त भाषेचा नाही. ‘उरले’ दिसलं की वजाबाकी, ‘जास्त’ दिसलं की बेरीज, ही युक्ती आपणच मुलांना शिकवतो. गोष्ट वाचायच्या आधीच पोर शब्द हुडकायला लागतं. पेढे खाल्ले, किती उरले, एवढीच वजाबाकी त्याला माहीत असते. दोघांची तुलना हीसुद्धा वजाबाकीच, आणि कमी पडलेलं भरून काढणं हीसुद्धा. खंडेराव मार्केटमधली भाजीवाली आजी ६२ रुपयांच्या भाजीवर शंभराची नोट घेतली की हातावर आधी ८ ठेवायची, "सत्तर", मग तीन दहाच्या नोटा, "शंभर". पाटी-पेन्सिल न घेता ती शंभरातून ६२ वजा करून ३८ परत द्यायची. ही रीत शाळेत कोणी दाखवली असती तर माझी कितीतरी रडारड वाचली असती.

मुलीच्या बाईंनी फुली मारली नाही. एका बाजूने लाल, दुसऱ्या बाजूने निळ्या अशा चकत्या पुढ्यात ठेवल्या आणि म्हणाल्या, आधी गोष्ट मांड, आकडेमोड नंतर. वर्गात २२ मुलं असली की हे जमतं, आपल्याकडे पन्नासांत बाईंनी काय करावं, हे मला दिसतं. इथलं सगळंच मला आवडतं असंही नाही. चौथीनंतर मुलांना वेगवेगळ्या शाळांत वाटून टाकतात, ते तर मुळीच नाही. पण चकत्यांऐवजी शेंगदाणे चालतात, त्याला पैसे लागत नाहीत.

वहिनीने मूठभर शेंगदाणे आणले. भाच्याने राधाचे बारा ओळीत लावले. खाली एकेक करून मोहनचे मांडत गेला. वरचे पाच उघडे राहिले तिथे थांब, एवढंच मी सांगितलं. तो थांबला, खालची ओळ बोटाने मोजली, आणि फोनकडे न बघताच म्हणाला, "आत्या, मोहनकडे तर कमी आहेत!" मग खोडरबर शोधायला उठला.