एमआरपीचा तो फॉरवर्ड, आणि शॅकमधला बिचारा वेटर

पर्यटनाचा हंगाम सुरू झाला की आमच्या गोव्यातल्या व्हॉट्सॲप ग्रुपांवर एक मेसेज हमखास फिरतो. वाड्यावरच्या ग्रुपवर येतो, माजी विद्यार्थ्यांच्या ग्रुपवर येतो, भजनी मंडळाच्या ग्रुपवरही येतो. ठळक अक्षरं, तीनचार लाल दिवे आणि खाली 'गोंयकारांनो, जास्तीत जास्त शेअर करा'. मजकूर साधारण असा: एमआरपी सरकार ठरवतं. ती कमाल किंमत असल्यामुळे सूट मागणं हा ग्राहकाचा हक्क आहे. हॉटेलात, शॅकमध्ये (म्हणजे किनाऱ्यावरच्या हंगामी उपाहारगृहात), बारमध्ये पाण्याच्या बाटलीचा एक रुपयाही जास्त घेतला तर तो गुन्हा, पैसे देऊ नका. दुकानदार मात्र थंड करण्याचा खर्च आणि जीएसटी वेगळा लावू शकतो. एकाच वस्तूवर दोन किमती दिसल्या तर ती फसवणूक. आणि शेवटी, एमआरपी नसलेली कोणतीही वस्तू विकणं बेकायदा.

मी डिचोलीत बसून दुकानदारांचे आणि हॉटेलवाल्यांचे जीएसटीचे हिशेब लिहितो, त्यामुळे हा मेसेज मला दोन्ही बाजूंनी येतो. गिऱ्हाईक विचारतं, 'खरं काय?' आणि दुकानदार विचारतो, 'आता काय करायचं?' म्हणून एकदाच लिहून टाकतो.

'एमआरपी सरकार ठरवतं.'

नाही. किंमत ठरवतो माल बनवणारा, पॅक करणारा किंवा आयात करणारा. सरकारचं म्हणणं एवढंच, की ती पाकिटावर छापा, सगळे कर धरून छापा आणि त्याच्यावर कोणी विकू नका. हे वैध मापनशास्त्र अधिनियम 2009 आणि त्याखालचे आवेष्टित वस्तू नियम 2011 सांगतात. वजनमाप खात्याचा इन्स्पेक्टर दुकानात येतो तेव्हा तो बघतो, की पाकिटावर किंमत आहे का, निव्वळ वजन लिहिलंय का, महिना-वर्ष आहे का, पत्ता आहे का, आणि आतला माल वजनात भरतो का. साबणाच्या वडीला अमुक किंमत वाजवी आहे की नाही, हे तो विचारत नाही. तसं विचारायचा अधिकारच त्याला नाही.

'सर्व करांसह' हे शब्दही पहिल्यापासून नव्हते. 1990 पर्यंत कंपन्यांना 'स्थानिक कर वेगळे' असं छापायची मोकळीक होती आणि कराच्या नावाखाली दुकानदार मनाला येईल तेवढं वर लावायचे. ती पळवाट बंद करायला नियम बदलला. म्हणजे या नियमाचा जन्मच मुळी दुकानाच्या काउंटरवरची लबाडी रोखायला झाला. कंपनीच्या नफ्याला वेसण घालायला नव्हे. हे लक्षात ठेवलं, तर मेसेजमधले निम्मे गोंधळ आपोआप सुटतात.

याला एक मोठा अपवाद औषधांचा. औषध किंमत नियंत्रण आदेश 2013 नुसार यादीतल्या आवश्यक औषधांना सरकारी प्राधिकरण कमाल दर ठरवून देतं, आणि यादीबाहेरच्या औषधांची छापील किंमत कंपनीला वर्षाला 10 टक्क्यांहून जास्त वाढवता येत नाही. सरकार हात घालतं तेव्हा काय होतं हे बघायचं असेल तर हृदयात घालायच्या स्टेंटचं उदाहरण घ्या. फेब्रुवारी 2017 मध्ये औषध लावलेल्या स्टेंटला 29,600 रुपयांची मर्यादा आली. त्याआधी याच वस्तूवर लाखाच्या पुढच्या किमती छापलेल्या असत, आणि त्याही रीतसर एमआरपीच होत्या. छापील आकडा म्हणजे रास्त भाव, असं मानणाऱ्यांनी हे एकदा वाचावं.

आणि सरकारने ठरवलेला भाव गोव्यात रोज डोळ्यांनी बघायचा असेल, तर फलोत्पादन महामंडळाच्या भाजीच्या गाड्यावर जा. तिथल्या पाटीवर खडूने लिहिलेले कांदे-बटाट्याचे दर खरोखर सरकारी असतात. गंमत अशी, की तिथे एमआरपी नावाची गोष्टच नाही.

'सूट मागणं हा हक्क आहे, नाकारली तर तक्रार करा.'

मागा की. मागायला कोण अडवतंय? पण द्यायची की नाही ही दुकानदाराची खुशी. छापील किमतीपर्यंत कुठल्याही भावाने विकायला तो मोकळा आहे. मोठ्या सुपरमार्केटात तीच तेलाची पिशवी कमी भावात मिळते, कारण ते गाड्या भरून माल उचलतात. तुमच्या वाड्यावरच्या दुकानदाराला स्टॉकिस्ट दोन खोके देतो, तेही महिनाअखेरीस स्कीम संपल्यावर. त्यात वर तुमची वही. चतुर्थीच्या सामानाची उधारी दिवाळीनंतर फेडणाऱ्याने एमआरपीवर सूट का मिळत नाही म्हणून ग्रुपवर लिहावं, हे जरा अतीच झालं.

'हॉटेलात, शॅकमध्ये, बारमध्ये एमआरपीच्या वर घेणं गुन्हा.'

सगळ्यात जास्त भांडणं लावणारी ओळ हीच. सर्वोच्च न्यायालयाने या प्रश्नाचा निकाल 12 डिसेंबर 2017 रोजी दिला आहे. हॉटेल आणि रेस्टॉरंटवाल्यांच्या संघटनेने केंद्र सरकारविरुद्ध चालवलेला तो खटला. न्यायमूर्ती नरिमन यांच्या पीठाने सांगितलं, की हॉटेलात बाटलीबंद पाणी छापील किमतीच्या वर विकायला वजनमापाचे कायदे आडवे येत नाहीत. कारण साधं आहे. माणूस हॉटेलात नुसती बाटली विकत घ्यायला जात नाही. बसायला जागा, वाढायला माणूस, पेला, स्वच्छता, वातावरण हे सगळं त्या व्यवहारात असतं. ती निव्वळ विक्री राहत नाही.

आता हे कळंगुटच्या वाळूवर आणून बघा. शॅकवाला हंगामापुरता परवाना घेतो, बांबू-झावळ्यांची शाकारणी उभी करतो, कामाला माणसं आणतो, हंगाम संपला की सगळं उतरवतो. त्याच्या खाटेवर तीन तास पाय पसरून, समुद्राकडे बघत, 20 रुपयांची बाटली 20 लाच मागायची आणि नाही म्हटलं की मोबाइल काढून वेटरचा व्हिडिओ करायचा! मी स्वतः बघितलंय, वेटर बिचारा बिहार-झारखंडकडचा पोरगा, त्याला मराठी येत नाही, कोकणी येत नाही, आणि समोरचा त्याला फॉरवर्ड वाचून दाखवतोय. दर त्याने ठरवलेला नाही. बिलही त्याने केलेलं नाही.

याचा अर्थ हॉटेलवाल्याला रान मोकळं आहे असा नव्हे. त्याला बांधणारी दोरी दुसरी आहे. ती म्हणजे मेन्यूकार्ड. ग्राहक संरक्षण कायदा 2019 प्रमाणे लावलेल्या दरपत्रकापेक्षा किंवा आधी ठरलेल्या भावापेक्षा जास्त घेतलं तर तक्रार करता येते. कार्डावर पाणी 40 आणि बिलात 50, तर भांडा आणि बिनधास्त भांडा. कार्डावर 40 आणि बिलातही 40 असेल तर छापील 20 दाखवून काही उपयोग नाही. बसायच्या आधी कार्ड वाचायचं.

बिलाकडेच बघायचं असेल, तर बघण्यासारख्या दोन ओळी वेगळ्याच आहेत. पहिली, सर्व्हिस चार्ज. केंद्रीय ग्राहक संरक्षण प्राधिकरणाने जुलै 2022 मध्ये सांगितलं, की तो बिलात आपोआप जोडायचा नाही आणि गिऱ्हाइकावर लादायचा नाही. दिल्ली उच्च न्यायालयाने मार्च 2025 मध्ये ते उचलून धरलं. दुसरी, बिअरवरचा कर. पिण्याची दारू जीएसटीच्या बाहेर आहे, तिच्यावर राज्याचा व्हॅट लागतो. चांगलं बिल हे दोन भाग वेगळे दाखवतं. चिकन शाकुती आणि बिअर एकाच बेरजेत घालून सगळ्यावर जीएसटी काढलेली बिलं माझ्या टेबलावर आली आहेत. त्या 10-20 रुपयांबद्दल मात्र कोणी व्हिडिओ काढत नाही.

एक बारकावा. त्याच हॉटेलच्या काउंटरवरून तुम्ही न बसता, न खाता, बंद बाटली घेऊन चालू लागलात तर? माझ्या मते ती सरळ विक्री, आणि तिथे छापील किंमतच लागू व्हावी. निकालाचा सगळा डोलारा बसण्या-वाढण्यावर उभा आहे, ते नसेल तर युक्तिवादही उरत नाही. वाइन शॉपमधून बंद बाटली घरी नेणाऱ्यालाही हेच लागू.

'दुकानदार थंड करण्याचा खर्च आणि जीएसटी वेगळा लावू शकतो.'

ही ओळ मेसेजमध्ये कोणी घुसवली असेल याचा मला दाट संशय आहे, पण नाव घेत नाही. बरोबर उलट आहे. दुकानात छापील किंमत म्हणजे शेवटची किंमत. नियमात फ्रीजचा अपवाद नाही, विजेच्या बिलाचा नाही, किनाऱ्यावर दुकान असण्याचा नाही, 'माल चोर्ला घाटावरून येतो' याचाही नाही. मे महिन्यात म्हापशाच्या बसस्टँडवर घामाघूम होऊन उतरलेल्या माणसाकडून गार बाटलीचे 5 रुपये जास्त घेणारा दुकानदार हा खरा नियम मोडणारा. आणि त्याच्याशी कोण भांडतं? कोणी नाही. सुटे नाहीत म्हणून एक गोळी हातावर ठेवतो, तीही आपण मुकाट चघळतो.

जीएसटीचा हिशेब सांगतो, कारण इथे शिकलेली माणसंही फसतात. पाण्याच्या 20 रुपयांच्या बाटलीवर 5 टक्के कर आहे, पण तो 20 च्या आत आहे. कराचा वाटा 95 पैसे, उरलेले 19 रुपये 5 पैसे मालाचे. छापील बिलात हा वाटा वेगळ्या ओळीत दिसतो आणि तो दिसायलाच हवा. मात्र बेरीज 20 च आली पाहिजे. 20 वर 5 टक्के चढवून 21 केले, की तो कर नव्हे, खिसा कापणं.

'एकाच वस्तूवर दोन किमती म्हणजे फसवणूक.'

22 सप्टेंबर 2025 ला जीएसटीचे दर उतरले तेव्हापासून या ओळीला जोर आला. साबण, शाम्पू, टूथपेस्ट 18 टक्क्यांवरून 5 वर आली, बाटलीबंद पाणीही. गोदामात आणि दुकानात जुन्या किमतीचा माल पडलेला, तो काय जाळायचा? कंपन्यांना सुधारित किंमत चिकटवून किंवा शिक्का मारून तो विकायची मुभा दिली होती. रेल्वेनेही रेल नीरची लिटरची बाटली 15 वरून 14 रुपयांवर आणली.

वडी हातात घेऊन बघा. छापील 118 आणि शेजारी 105 चा स्टिकर असेल, तर हिशेब चोख आहे: 100 चा माल, आधी 18 कर, आता 5. किंमत उतरवणारा स्टिकर चालतो, पण त्याने मूळ छापील आकडा झाकता कामा नये. दोन्ही आकडे वाचता आले पाहिजेत, म्हणूनच तर दोन किमती दिसतात. फसवणूक कुठे? आकडा झाकलेला असेल, नखाने स्टिकर उचकटल्यावर खाली कमी किंमत निघाली, तर. मग तो माल तिथेच ठेवा आणि फोटो काढा.

दुसरी गोष्ट याहून वेगळी. एकाच कंपनीने, त्याच मापाची, तीच बाटली बाजारासाठी एका किमतीची आणि मॉलसाठी वा विमानतळासाठी वेगळ्या किमतीची छापायची, हा प्रकार पूर्वी सर्रास चाले. 1 जानेवारी 2018 पासून त्याला बंदी आहे. मेसेज लिहिणाऱ्याने बहुधा हीच बातमी कुठेतरी अर्धवट वाचली असावी.

'एमआरपी नसलेली वस्तू विकणं बेकायदा.'

मग म्हापशाचा शुक्रवारचा बाजार उद्यापासून बंद. नियम आधीच पॅक केलेल्या मालाला आहे. मासळी, चतुर्थीला गणपतीवर टांगायच्या माटोळीचं सामान, केळ्यांचा घड, पोदेराच्या म्हणजे पाववाल्याच्या पाटीतली गरम पोळी, खोबऱ्याची कवड, यातल्या कशावरही छापील किंमत नसते आणि नसायलाच हवी. हॉटेलवाल्याने बांधून दिलेल्या खाण्याच्या पुड्यालाही या नियमातून सूट आहे. पानमसाल्यासारखे अपवाद सोडले तर 10 ग्रॅम किंवा 10 मिलीपर्यंतच्या पुड्यांनाही. हुर्राकाच्या, म्हणजे काजूच्या हलक्या दारूच्या, दिवसांत कोल्ड्रिंकच्या जुन्या बाटलीत भरून जे मिळतं त्यावर कसलंच लेबल नसतं, पण त्याबद्दल इथे न बोललेलंच बरं.

मेसेजच्या तळाशी तक्रारीसाठी एक दहा आकडी मोबाइल नंबर दिलेला असतो. त्यावर फोन करू नका. राष्ट्रीय ग्राहक हेल्पलाइनचा नंबर 1915. फोन लावायच्या आधी हातात दोन गोष्टी हव्यात: बिल, आणि बाटलीवरच्या किमतीचा फोटो. दुकानदार बिल द्यायला कां-कूं करत असेल तर यूपीआयने पैसे द्या, रक्कम आणि वेळ तिथे नोंदली जाते. नुसतं 'त्याने माझ्याकडून 25 घेतले' म्हणून खात्यात गेलात, तर तिथला कारकूनही पहिला प्रश्न हाच विचारेल: बिल कुठंय?