अमेरिकेत म्हणे कुणी नाराजच होत नाही

सध्या तालमीच्या ग्रुपवर, सोसायटीच्या ग्रुपवर, अगदी भिशीच्या ग्रुपवरही एकच मजकूर फिरतोय. त्याचा गोषवारा असा: ‘अमेरिकेत जनता थेट राष्ट्राध्यक्ष निवडते. निवडून आला की दुसऱ्या दिवशी तो हव्या त्या तज्ज्ञांना बोलावून मंत्रिमंडळ करतो. मंत्री आमदार-खासदार नसल्यामुळे आकड्यांचा खेळ नाही, जात-जिल्हा नाही, नाराजी नाही. मंत्री फक्त पंधरा. आपल्या घटनाकारांनी इंग्रजांची नक्कल केली म्हणून आपण पालकमंत्रिपदावरून भांडत बसलोय. भारतात अध्यक्षीय पद्धत आणा.’ त्याखाली कुणीतरी ‘खटक्यावर बोट, जाग्यावर पलटी’ असंही लिहून टाकलंय.

वैताग समजतो. २३ नोव्हेंबर २०२४ ला विधानसभेचा निकाल लागला, मुख्यमंत्र्यांचा शपथविधी ५ डिसेंबरला झाला, विस्तार १५ तारखेला नागपुरात, आणि पालकमंत्र्यांची यादी यायला १८ जानेवारी उजाडली. त्यात कागलच्या हसन मुश्रीफांच्या वाट्याला वाशीम, आणि कोल्हापूर गेलं राधानगरीच्या प्रकाश आबिटकरांकडे, जोडीला सहपालकमंत्री म्हणून माधुरी मिसाळ. रायगड आणि नाशिकच्या नावांना तर दुसऱ्याच दिवशी स्थगिती. यावर चिडायचा हक्क सगळ्यांना आहे. पण उतारा म्हणून जे सांगितलंय, ते तपासून घेऊ.

‘थेट’ आणि ‘दुसऱ्या दिवशी’ या दोन शब्दांचा निकाल आधी लावतो. २०१६ मध्ये हिलरी क्लिंटन यांना देशभरात ट्रम्प यांच्यापेक्षा सुमारे २८ लाख मतं जास्त होती, तरी त्या हरल्या. तिथे निकाल राज्यवार मतांवरून निवडलेलं निर्वाचक मंडळ ठरवतं. आणि मंत्र्याला खुर्चीत बसण्याआधी सिनेटची, म्हणजे तिथल्या संसदेच्या वरच्या सभागृहाची, मंजुरी लागते. मतदान नोव्हेंबरात, राष्ट्राध्यक्षांची शपथ २० जानेवारीला. २०२५ च्या त्या पहिल्या दिवशी मंजूर झालेला मंत्री एकच, परराष्ट्र खात्याचे मार्को रुबिओ. मजूरमंत्र्यांना मंजुरी मिळायला १० मार्च उजाडला. २०१७ मध्ये त्याच खात्यासाठीच्या पहिल्या उमेदवारानं माघार घेतली आणि दुसऱ्याला मंजुरी मिळाली २७ एप्रिलला. आपल्या मंत्रिमंडळाला निकालापासून बावीस दिवस लागले म्हणून आपण कपाळाला हात लावला होता.

आता तज्ज्ञ. स्टीव्हन चू यांच्यासारखा नोबेल मिळालेला भौतिकशास्त्रज्ञ २००९ मध्ये ऊर्जा खात्याचा मंत्री झाला, हे खरं आहे. त्याच खात्यावर २०१७ मध्ये आले रिक पेरी. हे गृहस्थ २०११ च्या एका वादविवादात आपण बंद करणार असलेली तीन खाती सांगत होते आणि तिसऱ्याचं नाव त्यांना ऐनवेळी आठवेना. ते तिसरं खातं ऊर्जाच होतं! बेन कार्सन मेंदूची शस्त्रक्रिया करणारे नामवंत डॉक्टर. त्यांना मिळालं गृहनिर्माण. पेरी आणि कार्सन दोघेही आधी उमेदवारीच्या शर्यतीत ट्रम्प यांच्याविरुद्ध उभे होते, नंतर पाठिंबा दिला. याला आपल्याकडे ‘वर्णी लागली’ म्हणतात. स्टीव्हन मनुशिन ट्रम्प यांच्या प्रचाराचा निधी जमवणारे प्रमुख होते, ते अर्थमंत्री झाले. बायडेन यांचे वाहतूकमंत्री पीट बुटिजेज हेही उमेदवारीच्या शर्यतीतले स्पर्धकच, त्याआधी साउथ बेंड या मध्यम शहराचे महापौर. म्हणजे हा रोग एका पक्षाचा नाही.

उलट, आपल्याकडे तज्ज्ञाला मंत्री करायला घटना कुठे आडवी येते? कलम ७५ नुसार खासदार नसलेला माणूसही मंत्री होऊ शकतो, सहा महिन्यांत सभागृहात यायचं एवढीच अट. रिझर्व्ह बँकेचे गव्हर्नर राहिलेले चिंतामणराव देशमुख १९५० मध्ये अर्थमंत्री झाले, १९९१ मध्ये मनमोहन सिंग, २०१९ मध्ये एस. जयशंकर. वाट मोकळी आहे. तिच्यावरून किती जणांना न्यायचं, हे पंतप्रधानाच्या मर्जीवर.

आकड्यांचा खेळ नाही म्हणणाऱ्यांनी एलिस स्टेफानिक यांचं प्रकरण बघावं. संयुक्त राष्ट्रांतल्या राजदूतपदासाठी त्यांचं नाव जाहीर झालं होतं. पण अमेरिकेत खासदाराला असं पद घेताना सभागृहातली जागा सोडावी लागते, आणि प्रतिनिधीगृहात ट्रम्प यांच्या पक्षाचं बहुमत इतकं काठावरचं होतं की एक जागाही रिकामी करणं परवडेना. मार्च २०२५ मध्ये नाव मागे घेतलं गेलं. जिल्हा-जातीचंही तसंच: सरकारी जमिनी सांभाळणारं अंतर्गत खातं बहुतेक वेळा पश्चिमेकडच्या राज्यांतल्या माणसाला जातं, कारण अशी जमीन तिकडे जास्त. आपलं मंत्रिमंडळ ‘अमेरिकेसारखं दिसेल’, असं वचन बिल क्लिंटन यांनी १९९२ मध्येच दिलं होतं.

पंधरा मंत्री हा आकडा खात्यांपुरता बरोबर आहे. मात्र सिनेटच्या मंजुरीनं भरायच्या राजकीय जागा हजाराच्या वर आहेत. आणि अध्यक्षीय पद्धत म्हणजे फक्त अमेरिका नव्हे. इंडोनेशियात लोक थेट राष्ट्राध्यक्ष निवडतात. तिथे चौतीस मंत्रालयांची कायदेशीर मर्यादा होती. २०२४ मध्ये ती उठवली गेली आणि नवे राष्ट्राध्यक्ष प्रबोवो यांनी ४८ मंत्री नेमले. उपमंत्री वगैरे धरले तर संख्या शंभराच्या पुढे. हेच प्रबोवो २०१९ ची निवडणूक हरले होते, आणि ज्यांच्याकडून हरले त्या जोको विडोडो यांनी काही महिन्यांतच त्यांना संरक्षणमंत्री केलं होतं. आपल्याकडे निदान ९१ व्या घटनादुरुस्तीनं २००३ मध्ये पंधरा टक्क्यांची वेस घातली आहे, म्हणून महाराष्ट्रात त्रेचाळीसच्या पुढे जाता येत नाही.

ब्राझीलचं उदाहरण तर कोल्हापूरकरांना नीट कळेल. वर्ल्ड कपला पेठापेठांत त्यांचे झेंडे आपणच लावतो. २०२३ मध्ये राष्ट्राध्यक्ष लुला यांनी आधीच्या सरकारची २३ मंत्रालयं एकदम ३७ वर नेली, कारण संसदेत बहुमत जमवायला अनेक पक्षांना वाटा द्यायचा होता. क्रीडा खातं दिलं आना मोझर यांना. ऑलिंपिक पदक मिळवलेली व्हॉलीबॉलपटू, म्हणजे त्या फॉरवर्ड मजकुराला हवी तशीच मंत्री. सप्टेंबरमध्ये आणखी मतं हवी झाली. मोझर बाईंना घरी पाठवून ते खातं एका मध्यममार्गी-उजव्या पक्षाच्या खासदाराला दिलं. कुस्ती आणि फुटबॉलवर जीव टाकणाऱ्या गावाला यापुढे काही सांगायला नको.

खरं तर एवढं लांब जायचीही गरज नाही. आपल्याकडे लोकांनी थेट निवडलेला सरपंच २०१७ मध्ये आला, २०२० मध्ये गेला, २०२२ मध्ये परत आला. सरपंच एका पॅनेलचा आणि सदस्यांचं बहुमत दुसऱ्या पॅनेलचं असलेल्या गावात उपसरपंच कोणाचा होतो आणि ठराव कुठे अडतो, हे करवीर-पन्हाळ्याकडच्या माणसाला विचारा. वर थेट माणूस बसवला म्हणून खालची बेरीज सुटत नाही.

‘नक्कल’ हा आरोप मात्र झोंबणारा आहे. ४ नोव्हेंबर १९४८ ला संविधान सभेत घटनेचा मसुदा मांडताना डॉ. आंबेडकरांनी दोन्ही पद्धती शेजारी ठेवल्या होत्या. अमेरिकन पद्धतीत स्थैर्य जास्त, संसदीय पद्धतीत जबाबदारी जास्त. तिथे सरकारचा हिशेब ठरावीक मुदतीनं, इथे प्रश्न, ठराव, अविश्वास यांतून रोज. मसुद्यानं जबाबदारीला झुकतं माप दिलं. तो निर्णय चुकला असं कुणाला वाटत असेल तर जरूर वाद घालावा, पण विचारच झाला नाही असं म्हणू नये. त्या संविधान सभेत आपल्या जिल्ह्याचे रत्नाप्पाण्णा कुंभारही बसले होते.

गंमत अशी की अमेरिकेतली जी गोष्ट खरंच उचलण्यासारखी आहे, तिचा मजकुरात उल्लेखही नाही. मजकूर राष्ट्राध्यक्षाच्या मोकळ्या हाताचं कौतुक करतो. तो हात बांधलेला आहे, हेच त्या पद्धतीचं बळ. भावी मंत्र्याला सिनेटच्या समितीसमोर, कॅमेऱ्यासमोर, तासन्‌तास बसवतात. पेरी यांना तिथे आपलं जुनं विधान गिळावं लागलं. जानेवारी २०२५ मध्ये संरक्षणासाठी सुचवलेल्या पीट हेगसेथ यांना आसियान या आग्नेय आशियाई देशांच्या गटातला एक देश सांगता आला नाही. त्यांनी दक्षिण कोरिया, जपान, ऑस्ट्रेलिया ही गटाबाहेरचीच नावं घेतली. तरी ते मंत्री झालेच, पण स्वतःच्या पक्षाचे तीन सिनेटर विरोधात गेल्यानं मतं पडली ५०-५० आणि उपराष्ट्राध्यक्षांचं मत टाकून निभावलं. १९८९ मध्ये त्याच पदासाठी सुचवलेल्या जॉन टॉवर यांना तर ५३ विरुद्ध ४७ मतांनी चक्क नाकारलं. आपल्याकडे पक्षांतरबंदी आणि व्हिपच्या जमान्यात असं मतदान जवळपास अशक्यच.

पण निदान प्रश्न तरी विचारता येतील. खातेवाटप झाल्यावर पंधरा दिवसांत प्रत्येक मंत्र्यानं विधिमंडळाच्या समितीसमोर बसायचं, खात्याचं काय करणार ते सांगायचं, मालमत्तेवर, जुन्या चौकशांवर उत्तरं द्यायची, आणि हे सगळं थेट प्रक्षेपित करायचं, एवढी मागणी करायला संसदीय पद्धत मोडावी लागत नाही. आपल्या जिल्ह्याचे दहाही आमदार सत्ताधारी बाजूचे आहेत. फॉरवर्ड पुढे ढकलण्याऐवजी एवढंच त्यांना पाठवा.