आधी निकाल, मग कारणं

कपाट आवरताना जुनी वही हाती लागली. काही वर्षांपूर्वी एका पदासाठी मुलाखती घ्यायला मी समितीवर होते, तेव्हाची. प्रत्येक उमेदवाराच्या नावापुढे माझ्याच अक्षरातले शेरे. फाडून टाकायच्या आधी सहज चाळली आणि एका पानावर अडकले.

एका प्रश्नाचं उत्तर एका मुलाला आलं नव्हतं. ‘हे मला माहीत नाही,’ असं त्याने सरळ सांगितलं होतं. पुढे माझा शेरा : ‘प्रामाणिक. थापा मारत नाही.’ तीन पानांनंतर एक मुलगी. प्रश्न तोच, उत्तरही तेच, ‘माहीत नाही.’ शेरा : ‘तयारी कमी.’

त्या दिवशी कुणी विचारलं असतं तर मी छातीठोकपणे सांगितलं असतं की मुलगा-मुलगी असला फरक मी करत नाही. आणि ते खोटं बोलणं नसतं, मला खरंच तसं वाटत होतं. ‘आपला तो बाब्या, दुसऱ्याचं ते कार्टं’ म्हणावं, तर दोघांपैकी कुणीच माझ्या ओळखीचंसुद्धा नव्हतं. शिवाय मी स्वतः बाई.

बाई असण्याने काही फरक पडत नाही, हे मला नंतर वाचताना कळलं. 2012 साली अमेरिकेत विज्ञानाच्या 127 प्राध्यापकांना प्रयोगशाळेतल्या एका नोकरीसाठीचा अर्ज तपासायला दिला होता. अर्ज शब्दन् शब्द एकच. काहींच्या प्रतीवर नाव जॉन, काहींच्या प्रतीवर जेनिफर. जॉन जास्त लायक ठरला, पगारही त्याला जास्त देऊ केला गेला. आणि हे करण्यात प्राध्यापिका प्राध्यापकांच्या मागे नव्हत्या.

आता मला छळणारा प्रश्न असा : ‘तयारी कमी’ लिहिताना माझ्या मनात नेमकं काय चाललं होतं? कितीही आठवलं तरी उत्तर मिळत नाही, आणि मिळणारही नाही. रिचर्ड निस्बेट आणि टिमोथी विल्सन या मानसशास्त्रज्ञांनी 1977 साली या विषयावर एक गाजलेला निबंध लिहिला. त्यातला एक प्रयोग मला फार आवडतो. लोकांसमोर नायलॉनच्या लांब मोज्यांचे चार जोड मांडले आणि सर्वांत चांगला कोणता ते विचारलं. चारही जोड हुबेहूब सारखे. तरी डावीकडच्या टोकाच्या जोडापेक्षा उजवीकडच्या टोकाचा जोड जवळपास चौपट लोकांनी निवडला. का निवडला म्हणून विचारलं, तर मांडणीतल्या जागेचं नाव कुणीच आपणहून घेतलं नाही. जागेचा परिणाम झाला असेल का, असं थेट विचारल्यावर जवळपास सगळ्यांनी नाही म्हटलं. वर विचारणाऱ्याकडे असं पाहिलं, की याचं डोकं ठिकाणावर आहे ना!

मला त्या नजरेची गंमत वाटते, कारण ती मी ओळखते. मला कुणी ‘तू पक्षपात केलास’ म्हटलं असतं तर मीही तसंच पाहिलं असतं.

आपल्याला वाटतं मन न्यायाधीश आहे. बऱ्याचदा ते वकील असतं. निकाल आतल्या खोलीत आधीच लागलेला असतो, वकीलसाहेब बाहेर येऊन मुद्दे मांडतात, आणि आपण ते ऐकून म्हणतो, वा, किती तर्कशुद्ध विचार केला मी! म्हणून ‘अंतर्मुख व्हा, स्वतःला तपासा’ या सल्ल्यावर माझा फारसा विश्वास उरलेला नाही. तपासायला शेवटी त्याच वकिलाला बोलवायचं ना?

सुप्त पूर्वग्रह मोजणारी एक प्रसिद्ध संगणक-चाचणी आहे, 1998 साली अँथनी ग्रीनवाल्ड आणि सहकाऱ्यांनी मांडलेली. मीही दिली. दोनदा दिली, दोन वेगळे निकाल आले. तज्ज्ञही सांगतात की एका माणसाचा एका दिवसाचा आकडा फार मनावर घेऊ नये. कचेऱ्यांमधून होणाऱ्या अर्ध्या दिवसाच्या कार्यशाळांबद्दल तर न बोललेलंच बरं. चहा, स्लाइड्स, प्रमाणपत्र. दुसऱ्या दिवशी सगळे पूर्ववत.

मग काय करायचं? 2005 सालचा एक प्रयोग मला उपयोगी वाटला. पोलीसप्रमुखाच्या पदासाठी माणूस निवडायचा होता. पुरुष उमेदवार शिकलेला असला की निवडणारे म्हणायचे, या कामाला शिक्षण हवंच. तेच शिक्षण बाईकडे असलं की त्याचं वजन उतरायचं. म्हणजे माणूस पाहून निकष ठरत होते. आपण अगदी वस्तुनिष्ठ आहोत अशी ज्यांची खात्री होती, ते यात पुढेच होते. पण उमेदवार कोण हे कळण्याआधी निकष पक्के करून घेतले, तेव्हा हा भेदभाव दिसेनासा झाला.

हे वाचल्यापासून मी मुलाखतीआधी कागदावर लिहून ठेवते : कशाला किती गुण, ‘माहीत नाही’ म्हटलं तर किती. काम कंटाळवाणं आहे. सहकारी हसतात.

गेल्या खेपेला चौथी मुलाखत संपल्यावर मीच म्हटलं, ‘संवादकौशल्याचे गुण जरा वाढवू या का? या कामाला ते लागतंच.’ शेजारी बसलेल्या सहकाऱ्याने पेन खाली ठेवून विचारलं, ‘कुणासाठी?’

माझ्याकडे तीन उत्तम कारणं तयार होती. मी कागद उलटा करून ठेवला आणि पाचव्या उमेदवाराला आत बोलवायला सांगितलं.