लाकडी जहाजांना जुनाट म्हणू नका

'आवाजी' या जपानी सुरुंगनाशक जहाजावरचा लेख आवडला. फक्त एक वाक्य खटकलं: २१व्या शतकात लाकडी युद्धनौका म्हणजे मागासलेपणा.

असं नाही हो. चुंबकीय सुरुंग तळाशी पडून असतो आणि वरून पोलादी जहाज गेलं, की चुंबकीय क्षेत्रातला बदल ओळखून फुटतो. म्हणून सुरुंग काढणाऱ्या जहाजाचा सांगाडाच लाकडाचा. इंजिनसुद्धा शक्य तितकं अचुंबकीय. २००८ साली दाखल झालेलं 'हिराशिमा'ही लाकडीच होतं. एवढी मोठी लाकडी जहाजं बांधणारे सुतार जपानने इतकी वर्षं टिकवले, याचं मला फार मोल वाटतं.

१९९१ मध्ये पर्शियन आखातात अशीच छोटी लाकडी जहाजं गेली होती. हिकोशिमा, युरिशिमा, आवाशिमा, साकुशिमा. जेमतेम ५०० टनांच्या आतबाहेरची, आणि गेली थेट जपानहून! त्यांनी ३४ सुरुंग निकामी केले.

पुढे 'एनोशिमा' या जहाजापासून लाकडाऐवजी फायबर (काचतंतू घातलेलं प्लास्टिक) आलं, कारण ते जास्त वर्षं टिकतं. 'आवाजी' २०१७ची, ६९० टनांची, त्याच वाटेवरची. लाकडाचा धोका मी नाकारत नाही. नोव्हेंबर २०२४ मध्ये फुकुओकाजवळ 'उकुशिमा'च्या इंजिनरूममध्ये आग लागली, जहाज उलटलं, एक खलाशी बेपत्ता झाला. ती बातमी वाचून दिवसभर मन लागलं नाही. लेखात त्या जहाजाचं नावही नाही, ते कृपया घाला.