पहिला महापौर ठेकेदार होता, मग?

पुण्या-मुंबईच्या मित्रांच्या ग्रुपवर महापालिकेचा विषय निघाला की निकाल ठरलेला असतो: ठेकेदार आणि बिल्डर सभागृहात शिरले, म्हणून शहराची वाट लागली. मग कुणीतरी मला विचारतं, 'तुमच्या ब्रिस्बेनला असलं काही नसेल, नाही का?'

ब्रिस्बेनचा पहिला महापौरच बांधकाम ठेकेदार होता. जॉन पेट्री, जन्म १८२२, एडिंबरो. वडील अँड्र्यू १८३७ साली इथल्या कैद्यांच्या वसाहतीत सरकारी बांधकामांवर देखरेख करायला आले. १८४८ मध्ये त्यांची दृष्टी गेली आणि धंदा जॉनने अंगावर घेतला. १८५९ साली नगरपालिका झाली. निवडणुकीत सर्वांत जास्त मतं याला पडली आणि १८६२ पर्यंत तो महापौर राहिला. गाव तेव्हा सहा हजारांच्या आसपास वस्तीचं. पुढे नदीकाठचं कस्टम्स हाउस त्याच्याच कंपनीने बांधलं, १८८६ ते ८९. फेरीबोटीतून जाताना त्याचा हिरवट तांब्याचा घुमट आणि खालची खांबांची रांग आजही दिसते. पालिकेत बसून गबर झाला म्हणावं, तर १८९२ साली तो गेला आणि थोड्याच वर्षांत कंपनी दिवाळखोरीत निघाली.

आपला कायदा तर कडक आहे. पुण्याला लागू असलेल्या १९४९ च्या महानगरपालिका अधिनियमाच्या कलम १० नुसार पालिकेच्या कंत्राटात हितसंबंध असलेला माणूस नगरसेवक राहूच शकत नाही. म्हणून फर्म मेहुण्याच्या नावावर असते. हे वॉर्डातल्या चहावाल्यालाही ठाऊक असतं.

मला खटकतं ते वेगळंच. ब्रिटिशांनी १८५९ साली ब्रिस्बेनच्या गोऱ्यांना निवडून आलेली पालिका आणि तिचा महापौर दिला. मुंबईला १८६५ साली काय दिलं? नेमलेला आयुक्त, आर्थर क्रॉफर्ड. करदात्यांना निम्मे सभासद निवडायला १८७२ उजाडलं, आणि कारभार तरीही आयुक्ताकडेच राहिला. गोरे गेले, व्यवस्था राहिली.

अर्थात इथल्या १८५९ चं फार कौतुक नको. मत होतं ते मालमत्ता किंवा भाड्याचं घर असलेल्यांना. ज्यांची ही जमीन, त्या टरबल लोकांना गणतीतच धरलं नव्हतं, आणि जॉनचा धाकटा भाऊ टॉम तर त्यांच्या मुलांत खेळत, त्यांची भाषा बोलत वाढला होता.

आज ब्रिस्बेनचा महापौर लोक थेट निवडतात, चार वर्षांसाठी. बजेट तो मांडतो आणि शिव्याही तोच खातो. आपल्याकडे मार्च २०२२ मध्ये मुंबई-पुण्याच्या पालिकांची मुदत संपली, तीन वर्षांहून जास्त काळ प्रशासक बसला, आणि ग्रुपवर एकालाही महापौराची उणीव भासली नाही. भासणार कशी? अडीच वर्षांच्या त्या मानकऱ्याला साधा खड्डा बुजवायचा आदेशही स्वतःच्या सहीने काढता येत नाही.