मकरपुऱ्याचा ईपीएबीएक्स आणि लीड्सचा कचरा

काकांचा बडोद्याच्या मकरपुरा जीआयडीसीत, म्हणजे औद्योगिक वसाहतीत, व्हॉल्व्हचे सुटे भाग करण्याचा छोटा कारखाना आहे. त्यांचं सगळ्यात मोठं गिऱ्हाईक म्हणजे शेअर बाजारात नोंदलेली एक कंपनी. सेबीने पहिल्या १००० सूचीबद्ध कंपन्यांना २०२२-२३ पासून पर्यावरण आणि जबाबदारीचा अहवाल बंधनकारक केला, आणि मग या कंपन्या आपल्या पुरवठादारांनाही प्रश्न विचारू लागल्या. वीज किती, पाणी किती, कचरा कुठे जातो. या खेपेच्या फॉर्ममध्ये एक नवा रकाना आला: कार्यालयातली फोन यंत्रणा पर्यावरणपूरक आहे का?

त्या एका रकान्यावरून घरात दोन तट पडले. चुलतभावाचं म्हणणं, जिन्याखालचा जुना ईपीएबीएक्स, म्हणजे कचेरीतली एक्स्टेन्शन जोडणारा एक्स्चेंजचा डबा, काढा, क्लाउडवर, म्हणजे इंटरनेटवरून मिळणाऱ्या फोन सेवेवर जा, रकान्यात खूण करा आणि मोकळे व्हा. काकांचं म्हणणं, चालू वस्तू काढायची नाही. मी लीड्समध्ये वास्तुविशारदांच्या एका कार्यालयात खरेदी आणि देखभाल बघते, म्हणून दोघांनीही मला आपापला वकील नेमलं. "ताई, तिकडे तर सगळं क्लाउडवरच गेलं ना?"

जातंय. पण हौसेने कोणी जात नाहीये. ब्रिटनमधलं तांब्याच्या तारांवरचं जुनं टेलिफोन जाळं आणि त्याच तारांवरची डिजिटल सेवा आयएसडीएन जानेवारी २०२७ अखेर बंद होणार आहे. मुदत आधी डिसेंबर २०२५ ची होती. एकट्या राहणाऱ्या म्हाताऱ्या माणसांच्या गळ्यात मदतीचं बटण असतं, ते याच लाइनवर चालतं, त्यांची सोय लागेपर्यंत ती पुढे ढकलली. म्हणजे दातांचा दवाखाना असो, वकिलाची कचेरी असो की गॅरेज, प्रत्येकाला काहीतरी बदलणं भाग आहे. एक्स्चेंजं म्हातारी झाली, सुटे भाग मिळेनात, हे त्याचं खरं कारण. पर्यावरण नंतर आलं, विकणाऱ्यांच्या माहितीपत्रकावरच्या हिरव्या पानाच्या रूपाने.

त्या बदलात कचऱ्याच्या पेटीत काय जातं ते मी रोज बघते. आमच्याकडचे जुने आयपी फोन, म्हणजे संगणकाच्या नेटवर्कवर चालणारे फोन, धडधाकट होते. बटणं ठीक, पडदे ठीक, रिसीव्हर ठीक. पण ते आधीच्या सेवादाराच्या सॉफ्टवेअरच्या कुलपात अडकलेले, दुसऱ्याच्या सेवेवर न चालणारे. नव्याने सांगितलं, आमच्या यादीतलंच मॉडेल लागेल. गेले सगळे. गेले तेही कायद्याप्रमाणे, पावती घेऊन, म्हणून कोणाला खंत नाही. पावती मिळाली की इथे पाप फिटतं. २०२२ साली जगभरात ६.२ कोटी टन ई-कचरा झाला आणि त्यातला जेमतेम २२ टक्के रीतसर गोळा होऊन पुनर्वापराला गेला, असं संयुक्त राष्ट्रांचा अहवाल सांगतो. ते बावीस टक्के वाढवायला हवेतच, पण चालू फोन चिरडून नव्हे.

तेव्हा भावाला पहिलं उत्तर हे: ब्रिटनच्या मानेवर सुरी आहे, तुझ्या नाही. बडोद्यात तांब्याची लाइन जाऊन फायबर आला, तरी आतला ईपीएबीएक्स जिथल्या तिथे राहू शकतो. मध्ये एक गेटवे बसवला की बाहेरची बाजू आयपी, आतली बाजू तीच जुनी तार आणि तेच जुने फोन. असले गेटवे आणि ईपीएबीएक्स बनवणारी मॅट्रिक्स कंपनी १९९१ पासून आपल्या बडोद्यातलीच. घरचं माणूस हाकेच्या अंतरावर असताना लीड्सला फोन करून विचारायचं, हे फक्त आपल्यालाच जमतं!

आता काका. त्यांनी माझा निरोप सगळ्या ग्रुपवर पाठवून विजय जाहीर केला, तो जरा घाईने. जुनं ते हिरवं हे इथे लीड्समध्ये जितकं खरं आहे तितकं तिथे बडोद्यात नाही, आणि त्याचं कारण विजेत आहे.

साधा ॲनालॉग फोन ठेवलेला असताना जवळजवळ काहीच वीज खात नाही. रिसीव्हर उचलला की लाइनवरून थोडा प्रवाह घेतो. जे काही खातो तो जिन्याखालचा डबा. आयपी फोन म्हणजे मात्र एक छोटा संगणकच. कोणी बोलो न बोलो, मॉडेलप्रमाणे दोन ते पाच वॉट तो खात बसतो. चाळीस टेबलं धरा, फोनमागे चार वॉट धरा: १६० वॉट, चोवीस तास, वर्षभर. झाले सुमारे १,४०० युनिट, स्विचमध्ये वाया जाणारी वीज वेगळी. भारताच्या ग्रिडवर एका युनिटमागे साधारण ०.७ किलो कार्बन डायऑक्साइड हवेत जातो, म्हणजे वर्षाला एक टनाच्या आसपास. ब्रिटनमध्ये तोच आकडा युनिटमागे ०.२ किलोच्या जवळ आहे. इथलं कोळशावरचं शेवटचं वीजकेंद्र, रॅटक्लिफ, ३० सप्टेंबर २०२४ ला बंद झालं. तेच चाळीस फोन, तीच वीज, आणि बडोद्यातला धूर तिपटीहून जास्त.

यातून हिशेबच फिरतो. लीड्समध्ये फोन वापरताना होणारं नुकसान कमी, तो घडवताना आणि फेकताना होणारं मोठं. म्हणून इथे एकच मंत्र, आहे तो वापरत राहा. बडोद्यात दोन्ही पारडी जड. छपरावर सौर पॅनल असले तरी रात्री अडीच वाजता टेबलावर दिवा लुकलुकवणारा फोन ग्रिडचीच वीज खातो. इंग्लंडातल्या कंपनीचं हिरवं माहितीपत्रक मकरपुऱ्यात जसंच्या तसं लागू पडत नाही ते यामुळे. म्हणून म्हणते, घेण्याआधी फोनच्या मागची पाटी वाचा. एसीवर ताऱ्यांचं लेबल बघायची सवय आपल्याला लागली आहे. टेबलावरच्या फोनच्या खोक्यावर ते तारे नसतात, तेव्हा वॉटच विचारावे लागतात. आणि काकांच्या डब्यालाही वीज मोजायचा प्लग लावून आठवडाभर बघा. पंधरा-वीस वर्षांपूर्वीचा मोठा डबा, त्यात निम्मी कार्डं रिकामी, आणि पाठीशी शिशाच्या बॅटऱ्यांची रांग, असा प्रकार असेल तर काकांची बाजू लंगडी पडेल.

आयपी घेतलेच तर रात्री बंद करा. कारखान्याची कचेरी दहा ते सात, आठवड्याचे सहा दिवस. आठवड्याच्या १६८ तासांतले ५४ कामाचे. उरलेला दोन तृतीयांश वेळ फोन भिंतीशी गप्पा मारतात. केबलमधूनच फोनला वीज देणाऱ्या बऱ्याच स्विचना वेळापत्रक लावता येतं. एक गोम मात्र आहे, ती विकणारा सांगत नाही: बहुतेक ठिकाणी संगणकाचं नेटवर्क फोनच्या पाठीमागच्या दुसऱ्या पोर्टातून गेलेलं असतं. फोन झोपला की संगणकही जाळ्यावरून गेला, आणि रात्रीचा बॅकअप बोंबलला. दुसऱ्या दिवशी कोणीतरी वेळापत्रक काढून टाकतं आणि पुन्हा लावत नाही. ज्या टेबलांचा बॅकअप रात्री होतो त्यांच्या संगणकांना वेगळी तार द्या, म्हणजे हा तमाशा टळेल.

पण चाळीस फोन हवेत कशाला? हा प्रश्न दोघांनाही नको आहे, कारण त्यात दोघेही हरतात. गेल्या दिवाळीत मी त्या कचेरीत बसले होते. गिऱ्हाइकांचे फोन सगळ्यांच्या मोबाइलवर. एक्स्टेन्शन वाजत होतं ते दोनच कामांना: फाटकावर कोण आलंय, आणि चहा. साहेबाच्या टेबलावर फोन असतो कारण साहेबाच्या टेबलावर फोन असतो. फाटक, स्टोअर, पॅकिंग, शॉप फ्लोअर, स्वागतकक्ष एवढ्या ठिकाणी खरा, मोठ्याने वाजणारा फोन लागतो; लेथच्या आवाजात मोबाइल कोणाला ऐकू येतो! बाकीच्यांना संगणकावरचं फोनचं सॉफ्टवेअर, म्हणजे सॉफ्टफोन, आणि एक बरा हेडसेट पुरे. बरा म्हणजे ज्याची कानावरची गादी आणि वायर बदलून मिळते असा. स्वस्तातला हेडसेट वर्षभरात मोडतो, आणि मग फोन वाचवून काय मिळवलं?

क्लाउडच्या बाजूने एक मुद्दा आहे, आणि तो हिरवेपणाचा नाही, पाण्याचा आहे. ऑगस्ट २०२४ मध्ये विश्वामित्रीने २६ फुटांची धोक्याची पातळी कितीतरी ओलांडली. अकोटा, मुजमहुडा, सामा, जिथे जिथे पाणी शिरलं तिथे तळमजला गेला. आपल्याकडे ईपीएबीएक्स कुठे असतो? जिन्याखाली, मीटरच्या शेजारी, जमिनीपासून हातभर. बॅटऱ्या तर थेट फरशीवर. ज्यांचे नंबर क्लाउडवर होते त्यांनी ते मोबाइलवर वळवले आणि गच्चीवरून धंदा केला. हे मान्यच करायला हवं. पण यावर भिंतीत चार फूट वर ठोकलेला स्टँड हाही एक उपाय आहे, आणि तो फारच स्वस्त पडतो. वीज गेल्यावरचा प्रश्न तर दोन्हीकडे आहे. ब्रिटनमध्ये ज्याला घरच्या लाइनशिवाय दुसरा आधार नाही, त्याला वीज गेल्यावर निदान तासभर आपत्कालीन नंबर लावता आला पाहिजे, असा तिथल्या दूरसंचार नियामकाचा, ऑफकॉमचा, दंडक आहे. क्लाउड ढगात असला तरी तुमचा राउटर भिंतीवर असतो.

आणि एक मुद्दा विरुद्ध बाजूने. क्लाउड म्हणजे दुसऱ्याच्या इमारतीतला सर्व्हर, त्याची वीज आणि एसी दुसऱ्याच्या बिलावर. शेकडो कचेऱ्यांनी तो वाटून घेतला तर प्रत्येकाने आपापला सर्व्हर चोवीस तास तापवत ठेवण्यापेक्षा बरं, हे पटतं. पण आकडा विचारला की सगळे गप्प. माझ्या कामात मी सेवादाराला वीज आणि कार्बनचा हिशेब लेखी मागते. जो देत नाही त्याच्या माहितीपत्रकावरचं पान मी पान म्हणूनच बघते.

इथलं काय घेण्यासारखं आहे? मला विचाराल तर क्लाउड नव्हे. नूतनीकरण केलेल्या वस्तूची प्रतिष्ठा. इथे चांगली कार्यालयं दुसऱ्या हातचे फोन वॉरंटीसकट उघडपणे विकत घेतात. आपल्याकडे सेकंडहँड म्हटलं की गिऱ्हाइकाला काय वाटेल, अशी भीती. उलट दुरुस्ती मात्र इथे मेली आहे. कारागिराच्या एका तासाचा दर नव्या फोनहून जास्त पडतो. बडोद्याच्या रावपुऱ्यात पावसाळ्यात वीज पडून ईपीएबीएक्सचं लाइन कार्ड उडालं तर कार्ड बदलून देणारा माणूस अजून मिळतो. पॉवर सप्लायचे फुगलेले कपॅसिटर तो तिथल्या तिथे बदलतो आणि जाताना अर्थिंग कोरडं पडलंय म्हणून चार शब्द सुनावून जातो. कुठल्याही प्रमाणपत्राविना तो पर्यावरणाचं जे काम करतो, ते मला लीड्समध्ये पैसे मोजून मिळत नाही. युरोपीय संघाने जून २०२५ पासून स्मार्टफोन आणि कॉर्डलेस फोनला सुटे भाग वर्षानुवर्षं पुरवण्याची सक्ती केली, पण टेबलावरचा तारेचा फोन त्यातून सुटला, आणि ब्रिटन तर संघातच नाही.

टिकाऊ फोन यंत्रणा म्हणजे काय हे शिकायला आपल्याला परदेशाकडे बघायची गरज कधी नव्हती. महाराजा सयाजीराव विद्यापीठात पदार्थविज्ञान शिकलेले सॅम पित्रोदा अमेरिकेहून परतले आणि १९८४ मध्ये सी-डॉट ही सरकारी दूरसंचार संशोधन संस्था उभी राहिली. तिचं १२८ लाइनचं ग्रामीण एक्स्चेंज एसीशिवाय, धुळीत, आपल्या उन्हाळ्यात चालावं असंच घडवलेलं होतं. तेव्हा त्याला कोणी हिरवं म्हटलं नाही. एसीचा खर्च झेपणार नव्हता, एवढंच. आज मकरपुऱ्यात त्याहून लहान डब्यासाठी खोलीत एसी लावतात.

राहिला जुन्या मालाचा प्रश्न, आणि इथे भाऊ आणि काका एका क्षणात एक होतात: भंगारवाल्याला द्या, रोख मिळते. मिळते खरी. पण मग कुठेतरी मोकळ्या जागेत तांब्यासाठी तार जाळतात, पीव्हीसीचा धूर होतो, बोर्डावरच्या सोन्यासाठी ॲसिड वापरतात आणि जुन्या डाखातलं शिसं मातीत जातं. १ एप्रिल २०२३ पासूनच्या ई-कचरा नियमांत टेलिफोन, राउटर, यूपीएस सगळं यादीत आहे. जबाबदारी मुख्यतः उत्पादकावर. वापरणाऱ्यांपैकी बांधला जातो तो वर्षात हजार किंवा जास्त उपकरणं वापरणारा मोठा ग्राहक. काकांचा कारखाना त्यात बसत नाही, त्यामुळे त्यांना विचारायला कोणी येणार नाही. बॅटऱ्यांचे नियम वेगळे, २०२२ चे, आणि त्या तर विकणारा दुकानदार नवी देताना परत घेतोच. तेवढ्यापुरती आपली जुनी पद्धत चांगली आहे.

त्या रकान्यात काय लिहायचं, हे मी दोघांना एकत्र कळवलं आहे. खूण करू नका, चार ओळी लिहा: यंत्रणा कोणत्या वर्षीची, महिन्याला किती युनिट खाते, किती एक्स्टेन्शन कमी केली, जुने फोन कुठे गेले. आणि पुढे कधी नवं घ्यायचं झालं तर ऑर्डरमध्ये दोन अटी घाला. फोन खुल्या एसआयपी मानकाचे, म्हणजे कुठल्याही सेवादाराशी जोडता येतील असे हवेत, ज्याला २००२ पासून आरएफसी ३२६१ म्हणतात, आणि करार संपल्यावर सेवादाराने कुलूप काढून द्यायचं. दुसरी अट, जुना माल विकणाऱ्याने परत न्यायचा आणि नोंदणीकृत रिसायकलरची पावती आणून द्यायची. टेम्पोवाल्याची चालणार नाही. काकांना दुसरी अट आवडली नाही, रोख जाते म्हणून. भावाला पहिली आवडली नाही, कारण त्याला पसंत पडलेल्या कंपनीचे फोन कुलपाचे आहेत. फॉर्मची तारीख महिनाअखेरची आहे.