हजेरीपट तुमच्याच कपाटात होता ना?

परवा पाटबंधारे खात्याचं पुन्हा पत्र आलं. "आपण सलग २४० दिवस काम केल्याबाबतचा पुरावा सादर करावा." वाचून अक्षरशः मस्तकात तिडीक गेली. वडील १९८६ पासून कालव्यावर रोजंदारीला होते. हजेरीपट कोण भरायचं? तुमचा कारकून. खाली सही कुणाची? तुमच्या साहेबाची. ठेवला कुठे? तुमच्याच कपाटात. माहिती अधिकारात मागितला तर उत्तर मिळालं, "अभिलेख जीर्ण झाल्याने उपलब्ध नाही." मग साठी उलटलेल्या मजुराने तो आणायचा कुठून?

आईने पत्र्याच्या पेटीत जमेल तेवढं जपलंय. पगाराच्या चिठ्ठ्या, घड्यांवर फाटलेल्या. एका ओळखपत्रावर वडिलांचा तरुणपणीचा फोटो, त्यावर निम्मा शिक्का. आणि त्या चिठ्ठ्यांमध्ये मध्येच दोन-दोन दिवसांचे खंड. हे खंड कागदावरचे बरं का! ऐन उन्हाळी आवर्तनात, म्हणजे शेतीसाठी पाणी सोडलेलं असताना, कालवा फुटला, तेव्हा रात्रभर छातीएवढ्या पाण्यात उभं राहून वाळूची पोती रचली त्यांनी. त्याच तारखेला कागदावर ते "कामावर नाहीत". सेवा सलग दिसू नये म्हणून केलेली ही हातचलाखी आहे. वर्षानुवर्षं माणसाला तात्पुरतं ठेवून कायमपणाचे हक्क नाकारणं ही अनुचित कामगार प्रथा आहे, असं महाराष्ट्राचा १९७१ चा कायदा सांगतो. सरकारने केलेला कायदा सरकारी कचेरीला लागू नाही का?

औद्योगिक न्यायालयात जिंकलो. खातं हायकोर्टात गेलं. तिथेही जिंकलो, तेव्हा २००९ ला कायम केलं, तेही आदेशाच्या तारखेपासून. आधीची २३ वर्षं गेली पाण्यात. २०१८ ला निवृत्त झाले तर म्हणे, तुम्ही १ नोव्हेंबर २००५ नंतर सेवेत आलात, जुनी पेन्शन नाही. अहो, नंतर आले? २००५ साली ते १९ वर्षं तुमच्याच कालव्यावर राबत होते! उशीर तुम्ही केलात, कोर्टात खेचलंत तुम्ही, आणि त्याच उशिराचा फायदा पुन्हा तुम्हीच घेणार?

म्हणून आता पेन्शनसाठी दुसरी केस. दर वेळी सरकारी वकील सुप्रीम कोर्टाचा २००६ चा उमादेवी निकाल काढतात, तात्पुरत्यांना कायम होण्याचा हक्क नाही म्हणे. त्याच निकालात लिहिलंय की, मंजूर पदांवर दहा वर्षं किंवा जास्त काम केलेल्या, नेमणूक अनियमित पण बेकायदा नसलेल्या लोकांना एकदा नियमित करून घ्या. ते पान कुणी उघडत नाही. डिसेंबर २०२४ मध्ये सुप्रीम कोर्टानेच सांगितलं की, हा निकाल कर्मचाऱ्यांविरुद्ध हत्यारासारखा वापरला जातोय. तरी पुढच्या तारखेला तेच. नाहीतर "उत्तर दाखल करायला मुदत द्यावी."

सगळ्यात संताप कशाचा येतो माहितीय? एकाच हजेरीपटावरची माणसं. एकाच्या बाजूने निकाल लागला तर दुसऱ्याला सांगतात, "तुम्ही त्या याचिकेत नव्हता." म्हणजे प्रत्येकाने वेगळा वकील लावायचा, वेगळं कर्ज काढायचं. वडिलांसोबतच्या एका काकांनी केस केलीच नाही, पैसेच नव्हते. ते आज सत्तरीत रात्रपाळीला वॉचमन आहेत. याचिकेत आम्ही अकरा होतो. त्यातल्या चौघांच्या जागी आता वारसांची नावं लावलीत.

पेन्शन ही खैरात नाही, हे सुप्रीम कोर्टाने १९८२ सालीच सांगितलंय. वडील काही मागत नाहीत, केलेल्या कामाचे दिवस मोजा म्हणतात. तेवढंसुद्धा न मोजता आमच्याकडेच पुरावा मागता, लाज वाटत नाही?

या पत्राला मी एकाच ओळीचं उत्तर देणार आहे: पुरावा तुमच्या ताब्यात आहे, येत्या तारखेला कोर्टात हजर करा.